मी कट म्हणेपर्यंत

इथे आखातात, उम्म अल हस्समच्या हॉलबाहेर आमच्या मराठी मंडळाच्या जयंतीच्या कार्यक्रमाचा जनरेटर सुरू झाला, की डिझेलच्या वासाबरोबर मला तो पोलिश नट आठवतो. दिग्दर्शकही तोच. शूटिंग अस्करजवळच्या माळावर, भाड्यानं दिलेला जनरेटर माझा, आणि ऊन असं की वाळूवर उतरलेली पाल तळूनच परत जावी. तहानेनं मरणाऱ्या माणसाचं काम करत साहेब वाळूत पडले होते. आधीच बजावलं होतं, मी कट म्हणेपर्यंत कुणी हलायचं नाही. कॅमेरा चालू, सगळं युनिट पुतळ्यासारखं उभं. वाळू उकरणारी त्यांची बोटं हळूहळू थांबली, ओठ पांढरे पडले. माझ्या शेजारी त्यांची सहायक होती, पुण्याची मुलगी. मी म्हणालो, “अगं, माणूस खलास झाला.” ती कुजबुजली, “काका, गप्प बसा. सर कट म्हणतील.” “बेशुद्ध माणूस कट कसा म्हणेल गं?” व्हिसा गेला तर गेला, म्हणत मी पाण्याचा कॅन उचलून धावलो आणि सबंध त्यांच्या डोक्यावर ओतला. काहीच हललं नाही. माझं काळीज तर पोहत मुंबई गाठायला निघालं होतं. मग त्यांचा एक डोळा किलकिला झाला आणि ते पुटपुटले, “कट.” तेव्हा कुठे सगळे बर्फ घेऊन धावले. तो शॉट त्यांनी चित्रपटात तसाच ठेवला. दर जयंतीला घरी आल्यावर मी तो लावतो. मुलगी म्हणते, “बाबा, इट्स जस्ट युअर बॅक,” आणि रिमोटकडे हात नेते. मी बजावतो, मी कट म्हणेपर्यंत कुणी हलायचं नाही.