शेठच्या तोंडी मामांचे शब्द

मामांना हलते ओठ मुके पाहवत नसत. दारातली म्हैस रवंथ करू लागली, तरी हे तिच्या वतीने मामीकडे पेंडीची तक्रार करणार. गोंदियाच्या फिरत्या तंबू-सिनेमात त्यांना हाच पोटापाण्याचा धंदा मिळाला. पडदा मुका, मामा बाजूला उभे राहून राजा, राणी, राक्षस सगळ्यांचं बोलत आणि मी पेटी वाजवी.

कौन्सिलच्या निवडणुकीला उभ्या राहिलेल्या एका गिरणीवाल्या शेठनी प्रचाराची फिल्म काढवली आणि ती आमच्या तंबूत लागली. शेठ मोटारीत उभे, हात जोडलेले, ओठ हलताहेत. काय बोलताहेत हे मामांना कुणी सांगितलं नव्हतं आणि त्यांनी विचारलंही नाही. "समोर पब्लिक कोन हाय ते पाहाचं अन् बोलाचं," हा त्यांचा मंत्र. सडक अर्जुनीच्या बाजारात पुढे सगळी जंगलातली माणसं बसली होती. त्यांना मताचा हक्कही नव्हता. तरी मामांनी शेठच्या तोंडून ठणकावलं, "आजपासून जंगल तुमचं! सरपण तोडा, गार्ड अडवणार नाही!" अशी टाळी त्यांच्या राजालाही कधी मिळाली नव्हती. मामा फुशारून गेले.

पुढच्या बाजारी एक गोंड बाई तंबूशी आली. "तूनंच सांगतलं ना भाऊ, जंगल मोकळं झालं म्हून? मंग सरपण तोडलं म्हून माह्या मान्साले गार्डानं कायले नेलं?"

मामा तिला घेऊन तडक गोंदियाला, शेठकडे गेले. मीही सोबत होतो. शेठ खो खो हसले. "अरे, मैंने कब कहा? कॅमेरेवाला बोलला ओठ हलवा, तर मी सतराचा पाढा म्हणून राहिलो होतो!"

बाईने शेठकडे पाहिलंच नाही, ती मामांकडे पाहत राहिली. मामांचा चेहरा काळाठिक्कर पडला. मलाही मेल्याहून मेल्यासारखं झालं. मामा जंगल-कचेरीत जाऊन म्हणाले, "साहेब, बोललो मी. मले धरा, त्याले सोडा." साहेबाने त्यांना शिपायाकरवी बाहेर काढलं. त्या माणसाला शिक्षा झालीच.

शेठ निवडून आले, म्हणून तीच फिल्म पुन्हा सडक अर्जुनीला लागली. तो माणूस सुटून आला होता. बायकोला घेऊन अगदी पुढे बसला. पडद्यावर शेठ उभे राहिले, मामा गप्प. त्यानेच हाक दिली, "बोल ना गा मामा! आता काय म्हनून राहिला आपला शेठ?"

मामांनी हात जोडले. "काहीच नाही रे बापा. तवाही तो काही बोलला नव्हता. मीच बोललो."

मामा मातीत खाली बसले आणि वर शेठ कितीतरी वेळ ओठ हलवत राहिले.