नव्या बोरांचा पहिला घास

काल सुनेनं गुळात बोरं शिजत ठेवली आणि त्या आंबटगोड वासानं मला एकदम माय आठवली.

छप्पन सालचा हिवाळा. बौद्ध धम्माची दीक्षा घेऊन आम्ही सगळे नागपूरहून तिवशाजवळच्या आमच्या गावी परतलो होतो. भिंतीतल्या देवळीतले देव गेले होते, तिथं आता रॉकेलची चिमणी होती. मायनं बांधावरची बोरं वेचून आणली, गुळात शिजवली, वर ज्वारीच्या पिठाचा जाड थर थापला आणि झाकणावर निखारे ठेवले. नवी बोरं देवाला दाखवल्याशिवाय आमच्याकडे कोणी तोंडात घालत नसे. आता दाखवायची कोणाला?

मी आणि धाकटा भाऊ ताटल्या घेऊन बसलो होतो. मायनं वरचा खरपूस तुकडा मोडला, लाल रसात बुडवला आणि स्वतः खाल्ला. मी थिजलेच. सगळ्यांची जेवणं झाल्यावर उरलंसुरलं खाणारी बाई ती.

"माय, आमाले कवा?"

"दम धर थोडा," ती म्हणाली आणि देवळीकडे पाहत बसली. निखाऱ्यांवर राख चढली तरी हलली नाही. मग म्हणाली, "खा आता. काई होत नाई."

मायला हाव सुटली, असंच मी इतकी वर्षं समजत आले.

काल सून म्हणाली, "आई, आधी तुम्ही खाऊन पाहा." मी वाटी हातात घेतली आणि तेव्हा कुठं मला उमगलं. देव कोपलाच तर एकट्या तिच्यावर कोपावा, म्हणून मायनं तो पहिला घास आमच्या आधी खाल्ला होता.