कौले उतरवलेला दवाखाना

वाईहून निघताना शेजारच्या काकूंना इतकेच सांगितले, की चार दिवस मुंबईला जाऊन येते. मे महिन्याची सुट्टी लागली होती आणि घरात दुसरे सांगण्यासारखे कोणी नव्हते. मुंबईला कशासाठी, हे काकूंनी विचारले नाही, मीही सांगितले नाही. मला अंधेरीचा एक दवाखाना पाहायचा होता, तोही पाडला जाण्याआधी.

आमचे हे मुंबईत एका कचेरीत नकाशे काढायच्या कामावर होते. अंधेरीला आणखी दोघांबरोबर एका खोलीत राहत. बिऱ्हाड करण्याइतकी जागा मिळाली की मला नेणार होते. अकरा वर्षे ती मिळाली नाही. मी वाईत शाळेत शिकवीत राहिले, ते सणाला येत राहिले. तीन वर्षांपूर्वी दिवाळीला यायचे होते, आले नाहीत. नेहमीसारखे काम निघाले असेल असे समजून मी रागावले आणि पाडव्याला पत्रसुद्धा टाकले नाही. त्यांना विषमज्वर झाला होता. खोलीतले सोबती दातार यांनी त्यांना जवळच्या सिस्टरांच्या दवाखान्यात नेऊन ठेवले होते. तिथून तार सुटली ती माझ्या शाळेच्या पत्त्यावर, आणि शाळा सुट्टीसाठी बंद. शिपाई चौथ्या दिवशी तार घेऊन आला तेव्हा सगळे आटोपले होते.

त्यानंतर मी मुंबईला गेलेच नाही. जाऊन कोणाला भेटायचे? पण यंदा एप्रिलमध्ये दातारांचे पत्र आले. सिस्टरांचा दवाखाना मोठा होतो आहे, नवी दुमजली इमारत उभी राहिली आहे, जुने घर लवकरच पाडतील, तुम्हांला कळवावेसे वाटले, असे त्यांनी लिहिले होते.

वाठारपर्यंत मोटार, वाठारला गाडी, पुण्याला गाडीबदल आणि दुसऱ्या दिवशी सकाळी दादर. दादरला उतरले तेव्हा कोणत्या दिशेला जावे ते कळेना. पुलावर एका कठड्याशी पिशवी घेऊन बराच वेळ उभी राहिले. शेवटी एका फुलवालीने न विचारताच हात करून पलीकडचा फलाट दाखवला. अंधेरीच्या गाडीत त्या वेळी माझ्या डब्यात दोन कोळणी आणि त्यांच्या रिकाम्या पाट्या, एवढेच होते. त्या आपसांत बोलत होत्या. मी खिडकीतून ताडाची झाडे पाहत होते.

अंधेरीला पूर्वेच्या बाजूला उतरले की शहर संपल्यासारखे वाटते. चार दुकाने, टांग्यांचा अड्डा, आणि पुढे मरोळकडे जाणारा धुळीचा रस्ता. टांगेवाला म्हातारा होता.

"सिस्टर लोकांचा दवाखाना ना? बसा बाई. पेशंट कोण हाय?"

"कोणी नाही."

"मग कशाला जाता?"

"बघायला."

त्याने एकदा मागे वळून पाहिले आणि घोड्याला चालवले. दोन्ही बाजूंना भाताची खाचरे होती, कापणी होऊन कित्येक महिने झालेली, भेगाळलेली. मधूनमधून गावठाणे लागत. उतरत्या कौलांची, बाहेर लाकडी जिना असलेली घरे, आणि वाटेच्या कडेला दगडी क्रूस. क्रूसांना झेंडूच्या माळा होत्या, आपल्याकडे पारावरच्या देवाला असतात तशाच. लांब टेकडीवर खडी फोडण्याचे काम चालले होते, त्याचा आवाज थांबून थांबून येत होता.

नवी इमारत दुरून दिसली. पिवळा चुना, हिरव्या खिडक्या, एका अंगाला गवंड्यांची बांबूची परांची अजून तशीच. व्हरांड्यात बायका मुले मांडीवर घेऊन ओळीने बसल्या होत्या. इमारतीच्या शेजारीच जुने घर होते. मला उशीर झाला होता. कौले उतरवून झाली होती, वासेही निम्मे काढले होते. भिंती मात्र उभ्या होत्या.

मजूर जेवायला गेले होते. उतरवलेल्या कौलांच्या थप्पीवर एक म्हातारी बसली होती. गुडघ्याखाली येणारे लाल लुगडे, अंगात पांढरे पोलके, गळ्यात क्रूस. मी तिला विचारले, विषमज्वराचे रोगी पूर्वी कुठे ठेवीत?

"शेवटल्या खोलीत," ती म्हणाली. "लांब ठेवायचे त्यान्ला. तू कोनाची गो बाय?"

मी सरळ आत गेले. खोली लहान होती. भिंतीला निळसर रंग, एका कोपऱ्यात खाटेच्या पायांनी पडलेले चार खळगे, वर उघडे आभाळ. ऊन सरळ जमिनीवर पडले होते. इतकी वर्षे मी ही खोली मनात रंगवली होती, ती काळोखी होती. या लख्ख उजेडात मला काही वाटेचना. रडू येईल असे वाटले होते, तेही आले नाही. मी कोपऱ्याकडे एक पाऊल टाकले आणि वहाणेतून एक गंजका खिळा टाचेत शिरला.

"हलू नको," म्हातारी दारातून म्हणाली. तिने खाली बसून माझा पाय धरला आणि एका झटक्यात खिळा उपसला. मग माझा हात खांद्यावर घेऊन मला नव्या इमारतीत घेऊन गेली. तिचे नाव फिलोमीन. दवाखान्यात ती आयाचे काम करीत असे.

आत फिनेलचा आणि ओल्या चुन्याचा वास मिसळला होता. एका मंगळुरी सिस्टरने जखम धुतली, धनुर्वाताचे इंजेक्शन दिले आणि मोठी वही पुढे ओढली. नाव, गाव, वय झाले.

"आता पत्ते. दोन द्यायचे. एक घरचा, आणि एक असा की जिथं रोज कोणीतरी असतं."

"दोन कशाला?" मी विचारले.

"जुन्या घरात होतो तेव्हा एकच घेत होतो. एकदा एका पेशंटची तार बंद शाळेत गेली. त्याची बायको आली नाही. तेव्हापासून दोन घेतो."

तिने हे साधेपणाने, माझ्याकडे न बघता सांगितले. मला वाटले गप्प बसावे. पण तोंडून निघून गेले, "ती शाळा माझी."

सिस्टरने टाक खाली ठेवला. बाहेर व्हरांड्यात एक मूल रडत होते. मग ती हळूच म्हणाली, "मला क्षमा करा. पण दुसरा पत्ता हवाच."

मी विचार करू लागले. माहेरी भाऊ होते, ते वारले. सासरी दीर होते, त्यांचे पत्र येऊन दोन वर्षे झाली होती. काकूंना मुंबईहून तार गेली तर त्या घाबरतील. रोज कोणीतरी असते असे माझे एकही दार मला आठवेना. सिस्टर वाट पाहत होती आणि मला शरमल्यासारखे झाले.

"माजा लिव," फिलोमीन म्हणाली. "मी खय जातंय? हतंच असते."

सिस्टरने तो लिहून घेतला.

दुपारी फिलोमीनने मला तिच्या घरी नेले. आवारातच मागे एक खोली होती. तिने केळीच्या पानावर फुगे (पीठ आंबवून तळलेले पोकळ गोळे) आणि गुळाचा चहा दिला. परक्या घरी खायला मी एरवी संकोचते, त्या दिवशी चार खाल्ले. ते जुने घर तिचेच होते, हे तेव्हा कळले. तिचा घोव (नवरा) गेला, मूलबाळ नव्हते. पाद्रीबाबांच्या सांगण्यावरून तिने आधी ओटीवरची एक खोली सिस्टरांना दिली. आठवड्यातून एकदा औषध मिळे. लोक मरोळहून, पवईहून चालत येऊ लागले. मग माजघर दिले, मग सगळे घर, आणि आता खालची जमीनसुद्धा. जुन्या घराच्या जागी बाळंतिणींचा वॉर्ड व्हायचा होता.

"वाईट नाही वाटत?" मी विचारले.

"वाटतं ना. सकालपासून तितं बसलीय ती काय उगाच? पन माज्या घरात पोर रडलं नाय कदी. आता रडतील."

मग तिने वाकून माझ्या पायावरची पट्टी सारखी केली.

"तो नकाशेवाला मास्तर तुजा घोव. मीच बसायची त्याच्यापाशी. त्याने तुजं नाव घेतलं नाय, खोटं कशाला सांगू. पन तापात एकच बोलायचा. वाठारला गाडी पकड, पुन्याला बदल, दादरला पूल चढ, पलीकडच्या फलाटावर जा, घाबरू नको. रातदीस तेच. आमाला वाटायचं, कोनाला तरी वाट सांगतोय."

मी भिंतीला टेकले. खोलीत जे आले नव्हते ते तेव्हा आले. तिने मला थोपटले नाही, समजूत घातली नाही. उठून चूल विझवली आणि परत येऊन माझ्याजवळ बसली, त्यांच्याजवळ बसली असेल तशीच.

पाय हलका होईपर्यंत सिस्टरांनी मला दोन दिवस वॉर्डात ठेवून घेतले. निघताना भिंती पाडण्याचे काम सुरू झाले होते. मी थांबून पाहिले नाही. फिलोमीन टांग्यापर्यंत आली. "पत्र टाक," म्हणाली. "मना वाचता येत नाय, सिस्टर वाचंल."

परतीच्या गाडीत माझ्यासमोर एक नवे जोडपे बसले होते. पुणे येईपर्यंत ती दोघे एकमेकांशी फारसे बोलली नाहीत. बोलायला पुष्कळ दिवस आहेत असे त्यांना वाटत असावे. मला त्यांना काही सांगावेसे वाटले, पण काय सांगणार?

तीन वर्षे मी एकच दुःख धरून बसले होते, की आपले माणूस परक्या गावात, परक्या धर्माच्या लोकांत एकटे गेले. ते एकटे नव्हते. त्यांच्या उशाशी रात्रंदिवस एक बाई बसली होती, आणि त्यांच्या मनाने मी वाटेवर होते, येतच होते. एकटी होते ती मी, रागावून, इथे वाईत. ते वाट सांगत होते ती मलाच, हे मी कशावरून म्हणावे? फिलोमीनलाही ते माहीत नाही. पण दुसऱ्या कोणाला वाठारला गाडी पकडायची असणार?

घराचे कुलूप काढले तेव्हा चार दिवसांची बंद हवा अंगावर आली. मी खिडक्या उघडल्या आणि टाच दुखत होती म्हणून उंबऱ्यावरच बसून राहिले. काकूंनी पलीकडून विचारले, प्रवास कसा झाला. मी म्हटले, पोचले बाई. उशिरा, पण पोचले.