सोलांजबाईंचा मरायचा सीन

मंडळी, आज दुपारचं एक वाक्य डोक्यातून जात नाहीये.

इंग्लंडमधल्या मेडनहेडच्या एका केअर होममध्ये मी दर मंगळवारी डॉक्टर म्हणून जाते. तिथे सोलांजबाई राहतात. फ्रेंच आहेत, ऐंशीच्या पुढच्या. तीस वर्षं फ्रान्समधल्या टीव्हीवर, सिनेमात कामं केली, पण नाव कुणालाच माहीत नाही, कारण रोल बहुतेक मरायचेच मिळाले. कधी विष, कधी जिन्यावरून पडणं. त्यांच्या मुलीने त्या सगळ्या कामांच्या व्हिडिओ कॅसेट जपून ठेवल्यात.

आमचा एक ठरलेला खेळ आहे. मी खोलीत शिरले की बाई मरून दाखवतात. श्वास रोखतात, जबडा सैल सोडतात. मी टाळ्या वाजवल्या की एक डोळा उघडून विचारतात, "कशी मेले, डॉक्टर?"

आजही खुर्चीत तशाच होत्या. श्वास बराच वेळ थांबलेला. मला वाटलं, आज फारच छान जमलंय. मी जोरात टाळ्या वाजवल्या.

त्या दचकून उठल्या. "अहो, मी अजून सुरुवात कुठे केली होती? माझा नुसता डोळा लागला होता."

म्हणजे मघाचा थांबलेला श्वास अभिनय नव्हता; मी घाईघाईने स्टेथोस्कोप काढून त्यांची छाती तपासली. बाई मात्र टाळ्यांवर खूश होत्या.

आता सांगा, पुढच्या मंगळवारी ते दार मी कसं उघडू?