डावी मूठ

"बिर्थे, तीन कागद फाडले, आता सरळ लिहिते. त्या दिवशी तुझी मूठ मला दिसली होती. दिसली नाही असं तुला सांगितलं, ते खोटं."

एवढं लिहून रिगमोरने चष्मा काढला.

वाल्बीच्या स्टुडिओत ती कपडेपट सांभाळायची. अश्लीलतेचा कायदा सैल झाला आणि कोपनहेगनात उघड्या अंगाच्या सिनेमांचं पीक आलं, तेव्हा शेजारची एल्ना विचारायची, "तिथं कपडेच नाहीत, तर तुला पगार कशाचा गं?"

"ते परत घालायचा."

काम खरंच तेवढंच. कॅमेऱ्याच्या कडेला नटीचा गाऊन पसरून उभं राहायचं, 'कट' झालं की तिच्या खांद्यांवर टाकायचा. बिर्थे या नटीशी मात्र वेगळं ठरलं होतं. तिने डावी मूठ आवळली की शॉट चालू असला तरी रिगमोरने आत शिरायचं. दोनदा शिरलीही. दिग्दर्शक प्रेबेन करवादला तर म्हणाली, "पोरगी गारठलीय. तुमच्या अंगात स्वेटर आहे."

तिसऱ्यांदा शॉट लांबलचक होता. पलंगावर बिर्थे, मागून सावकाश येणारा नट, कॅमेरा तिच्या चेहऱ्याकडे सरकतोय. नटाने ठरलं नसताना तिची मान धरली. मूठ आवळली गेली. रिगमोरने पाऊल उचललं, तोच प्रेबेनने मागे न बघता तळवा वर केला.

त्या तळव्याला ती भ्यायली असती तर स्वतःला केव्हाच माफ करून मोकळी झाली असती. पण बिर्थेच्या चेहऱ्यावर असं काही आलं होतं, की पुढे काय होतं ते रिगमोरलाच बघायचं होतं. गाऊन छातीशी धरून ती बघत राहिली.

त्या चेहऱ्यावरच्या ताणाचं वर्तमानपत्रांनी तोंड भरून कौतुक केलं. बिर्थे कुणाची वाट बघत होती, ते त्यांना काय ठाऊक.

चित्रीकरणाच्या शेवटच्या दिवशी बिर्थेने विचारलं होतं, "मूठ दिसली नाही तुला?"

"दिवे डोळ्यांवर होते गं."

"असू दे. गाऊन माझ्या घरचा आहे, बाही उसवलीय. शिवून ओडेन्सेला माझ्या घरी आणून दे ना. कॉफी करीन."

बाही त्याच संध्याकाळी शिवून झाली. ओडेन्सेला गाड्या दिवसभर असतात. सव्वीस वर्षं झाली, गाऊन अजून रिगमोरच्याच कपाटात आहे.