प्रूफ सरांनी वाचलंय

जगातली झाडून सगळी राजघराणी लग्नपत्रिकेपायी बुडाली, असं छातीठोकपणे सांगणारा माणूस उभ्या मराठवाड्यात एकच आहे आणि तो म्हणजे आमचे इतिहासाचे सर. त्या काळी पत्रिका छापत नसत, ही गोष्ट त्यांना कधीच आड आली नाही. "पत्रिका म्हंजे काय रे? कुणाचं नाव वर आन् कुणाचं खाली, येवढंच की न्हाई? दरबारात तेच व्हतं. याला उजव्या हाताला बसवलं, त्याला डाव्या. डाव्या हाताचा घरी जाऊन तलवारीला धार लावतो. झालं, बुडालं राज्य!" सर मूळचे लातूरजवळच्या मुरुडचे. लातुरात तीस वर्षं इतिहास शिकवला, पण बोलणं मुरुडचं ते मुरुडचंच राहिलं आणि इतिहासाकडे बघायची नजरही तिथलीच. पुस्तकं ज्याला सत्तासंघर्ष म्हणतात त्याला सर 'भावकी' म्हणत. परकीय आक्रमण वगैरे सगळं मागाहून येतं. आधी घरातल्याच कुणीतरी त्याला वाट दाखवलेली असते, हा त्यांचा सिद्धांत. अभ्यासक्रमातल्या लढाया ते दोन तासांत उरकून टाकत आणि मग महिनाभर बापाला किल्ल्यात कोंडणारी पोरं, पुतण्यावर मारेकरी घालणारे चुलते आणि दुधाच्या वाटीवर नजर ठेवणाऱ्या सावत्र आया यांच्यात रमून जात.

डोळे काढलेल्या राजपुत्रांची गोष्ट सांगताना त्यांचा आवाज चिरकायचा. असे राजपुत्र इतिहासात मुबलक आहेत, त्यामुळे वर्षातून पाच-सहा वेळा तरी तो चिरकायचाच. "त्या लेकरानं काय केलं व्हतं? थोरल्याच्या पोटी जन्मलं, येवढंच!" असं म्हणून ते खिडकीकडे तोंड करून उभे राहत आणि आम्ही चाळीस जण मागे वह्यांच्या कागदाची विमानं करत असू. लातूर हे डॉक्टर-इंजिनियर पिकवणारं गाव. इथं इतिहासाला कुणी क्लास लावत नाही आणि इतिहासाच्या मास्तराला कुणी नमस्कारही जरा बेतानंच करतं. एका पालकानं तर मुख्याध्यापकांकडे तक्रार केली की हे सर पोरांना घरातली भांडणं शिकवतात. सर शांतपणे म्हणाले, "शिकवत न्हाई. ती पोरं घरून शिकूनच येतात. मी फक्त सनावळ्या जोडतो."

त्यांचं खरं दैवत मात्र एकच होतं, राष्ट्रकूटांचा गोविंद राजा. राष्ट्रकूट स्वतःला लत्तलूरचे स्वामी म्हणवत आणि लत्तलूर म्हणजे आपलं लातूर, हे सांगताना सर जणू काल-परवाच ते घराणं इथून बिऱ्हाड हलवून गेल्यासारखे बोलत. बापानं थोरल्या स्तंभाला डावलून धाकट्या गोविंदाला गादी दिली. थोरल्यानं बारा राजे गोळा करून भावावर चाल केली. धाकट्यानं त्याला हरवलं, पकडलं आणि मग सोडून दिलं. नुसतं सोडलं नाही, तर त्याचा कारभार त्याला परत दिला. "साऱ्या इतिहासात असा भाऊ दाव मला," सर म्हणत, "आन् हा आपल्या लातूरचा हाय." चाचणी परीक्षेत त्यांनी प्रश्न काढला होता : गोविंदाने स्तंभाला माफ केले ते बरोबर की चूक? मी लिहिलं, चूक, कारण तो पुन्हा उलटेल. सरांनी मला पैकीच्या पैकी गुण दिले आणि खाली लाल शाईनं लिहिलं, 'उत्तर बरोबर. देव करो आणि ते चूक ठरो.' तेव्हा मला ती नुसती सरांची लहर वाटली.

पुढे मी लातुरातच गंजगोलाईच्या बाजारपेठेजवळ छापखाना टाकला. छापखाना म्हणजे एक कॉम्प्युटर, एक मशीन आणि लग्नसराईत उसंत नाही. सर निवृत्त झाले आणि रोज सकाळी येऊन माझ्या स्टुलावर बसू लागले. पत्रिका छापायला आलेल्या माणसाला नावांचा क्रम लावून देणं, हे काम त्यांनी आपणहून अंगावर घेतलं. बघता बघता आसपासच्या गावांत बोलबाला झाला की भावकीत कुरबुर नको असेल तर क्रम लातूरच्या सरांकडून लावून घ्यावा. आधी गेलेले, मग थोरले, मग धाकटे, जावई वेगळ्या रकान्यात, रुसलेला चुलता ठळक अक्षरात. एकदा दोन भाऊ आले, कुणाचं नाव वर यावर हमरीतुमरीवर. सरांनी डोकं चालवलं आणि सगळी नावं गणपतीभोवती गोल छापायला लावली, म्हणजे वर कुणी नाही आणि खाली कुणी नाही. दोघं खूश होऊन गेले आणि तासाभरात परत आले. आता वाद होता गणपतीची सोंड कुणाच्या बाजूला वळली आहे याचा. सर मला म्हणाले, "बघ, गादी नसली तरी सोंड असतीच." आजाऱ्याला भेटायला गेले तरी फळांची पिशवी ठेवून हळूच विचारत, "पोरं एकमेकाला बोलतात न?" लोक हसत. मीही हसायचो. माझ्या हसण्याला मात्र एक दिवस चांगलीच खीळ बसली.

सरांच्या मुलीचं लग्न ठरलं. पत्रिका अर्थात माझ्याकडेच. सरांचे थोरले भाऊ, आप्पा, मुरुडला शेती करत. वडील लवकर गेले, तेव्हा आप्पांनी स्वतःची शाळा सोडून धाकट्याला शिकवलं होतं. त्यामुळे सरांनी सांगितलं, "विनीत म्हणून पहिलं नाव आप्पाचं. माझं त्याच्याखाली. मी नवरीचा बाप असलो म्हणून काय झालं?" वर एक ओळ वडिलांची होती, 'कै.' अमुक यांची नात अशी. ती ओळ मी उचलली, खाली आणून चिकटवली, आजोबांचं नाव पुसून तिथं आप्पांचं टाकलं. पुढचं 'कै.' काढून 'श्री.' करायचं राहिलं. प्रूफ सरांना दिलं. सगळ्या जिल्ह्याच्या पत्रिका वाचणारा माणूस, पण त्या दिवशी त्यांचं बोट आप्पांचं नाव वर आहे ना, एवढंच बघून थांबलं. त्याच आनंदात त्यांनी कोपऱ्यात 'बरोबर' लिहून सही केली.

पहिली पत्रिका कुलदैवताला, दुसरी आप्पांना. सर अक्षता घेऊन मुरुडला गेले. आप्पा मारुतीच्या पारावर बसले होते. जवळ चष्मा नव्हता, म्हणून शेजारच्या माणसाला म्हणाले, वाच मोठ्यानं. तो वाचू लागला आणि विनीतपाशी येऊन अडकला. आप्पा म्हणाले, "वाच की. कोण मेलं?"

कोण मेलं होतं ते पारावरच्या सगळ्यांना कळलं. आप्पांनी पत्रिका धाकट्याच्या हातात परत दिली आणि म्हणाले, "मेलेलं माणूस अक्षदा टाकाय येत नसतंय."

सर त्याच पावली माझ्याकडे आले. मी म्हणालो, "सर, चूक माझी आहे. मी येतो मुरुडला." ते म्हणाले, "प्रूफ मी वाचलं. सही माझी हाय. तू गप बस." आणि मी गप बसलो. खरं सांगायचं तर मला गप बसायचंच होतं. जित्या माणसाला मारणाऱ्या छापखान्यात पत्रिका कोण टाकणार, ही भीती माझ्या मनात सरांच्या दुःखाच्या आधी आली होती. त्याची लाज मला आजही वाटते. रातोरात नव्या पत्रिका छापल्या आणि सर पुन्हा मुरुडला गेले. आप्पांनी एवढंच विचारलं, "आता जिता कराय आलास व्हय? आधीची वाचली व्हतीस?" सर म्हणाले, वाचली होती. "सही केली व्हतीस?" केली होती. "मंग जा." लग्नात पहिल्या रांगेतली एक खुर्ची सरांनी शेवटपर्यंत कुणाला बसू दिली नाही.

त्यानंतर एकोणीस वर्षं दोघं बोलले नाहीत. सर क्रम लावत राहिले, राजघराण्यांवर बोलत राहिले आणि दर दिवाळीच्या आधी मुरुडच्या एसटीत बसून सुटायच्या वेळी उतरत राहिले. एका वर्षी मी त्यांना धरून नेलं. मुरुडच्या स्टँडवर आम्ही चहा घेतला. मग सर म्हणाले, "चल, परत." मी गोविंद राजाची आठवण करून दिली, तर म्हणाले, "गोविंदाला सोपं व्हतं रे. तो जिंकला व्हता. माफ कराय काय लागतंय? माफी मागायची पाळी आली असती, म्हंजे कळलं असतं त्याला." तिथून आप्पांचं घर दहा मिनिटांवर होतं. मी एकटा जाऊन सांगू शकलो असतो. नाही गेलो.

गेल्या थंडीत आप्पा गेले. सर मातीला जाऊन आले आणि सुतक पाळत लातुरात घरी बसले. लग्नाला बोलावत नसली तरी भावकी सुतक सोडत नाही. पाचव्या दिवशी आप्पांचा मुलगा माझ्या छापखान्यात आला, तेरवीचं कार्ड छापायला. मी चकित झालो, कारण मुरुडातही छापखाने आहेत. तो ओशाळं हसत म्हणाला, "आप्पा सांगूनच गेले. कार्ड त्याच छापखान्यात टाका म्हणले, त्याला मला कै. लावायचा सराव हाय. आन् प्रूफ धाकट्याला दावा म्हणले." त्या माणसाच्या मिस्कीलपणानं मला हसू आलं आणि त्याच दमात भडभडून आलं. एकोणीस वर्षं मनात दडवलेलं मी त्या मुलासमोर बोलून टाकलं. ती चूक सरांची नव्हती, माझी होती.

तो म्हणाला, "ठावं हाय की. आप्पालाबी ठावं व्हतं. छापणाऱ्याची चूक त्याला कळत न्हाई व्हय? पण काका दोन्ही बारीला आले आन् म्हणले, मी वाचलं, मी सही केली. आप्पा म्हणायचे, त्यानं नुसतं छापखान्याचं नाव जरी घेतलं असतं, तरी तेवढ्या निमित्तावर मी अक्षदा टाकाय आलो असतो."

प्रूफ घेऊन मी सरांकडे निघालो तेव्हा हे सगळं त्यांना सांगायचं ठरवूनच निघालो होतो. दार त्यांनीच उघडलं. डोक्यावरचे केस काढलेले होते आणि ते एकदम खूप लहान दिसत होते. मी नुसतं प्रूफ पुढं केलं. मला वाचवायला ते गप राहिले आणि त्यातच त्यांचा भाऊ गेला, हे त्यांना सांगून माझ्या जिवाचं ओझं तेवढं हलकं झालं असतं. सरांनीच विचारलं, "आप्पा काय बोलला व्हता का?"

मी म्हणालो, "प्रूफ धाकट्याला दाखवा म्हणाले."

"धाकट्याला म्हणला?"

"हो सर."

"माझं नाव न्हाई घेतलं? धाकट्याला म्हणला?"

"धाकट्याला, असंच म्हणाले."

सरांनी चष्मा काढून पुसला, परत लावला आणि लाल पेन घेतलं. नावं एकेक करून वाचली. पुतण्यानं शोकाकुल म्हणून पहिलं नाव सरांचं घातलं होतं. क्रम बरोबर होता. मग ते वर गेले, आप्पांच्या नावापाशी थांबले, आणि त्यांनी 'कै.'वर रेघ मारली. समासात 'श्री.' लिहिलं. बराच वेळ ते त्या दोन अक्षरांकडे बघत बसले. मग समासातलं 'श्री.' हळूच खोडून टाकलं आणि खोडलेल्या 'कै.'खाली दोन टिंबं दिली. आमच्या धंद्यात खोडलेल्या अक्षराखाली टिंबं दिली की ते होतं तसंच ठेवायचं असतं. ही खूण मला सरांनीच शिकवली होती. कोपऱ्यात त्यांनी 'बरोबर' लिहून सही केली.

सर अजूनही रोज सकाळी स्टुलावर येऊन बसतात. क्रम लावतात. पण आता नावं नंतर वाचतात. आधी पेनाचं टोक ठेवत एकेका नावापुढचं 'श्री.' आणि 'कै.' तपासतात आणि त्या माणसाला विचारून घेतात, "हे हायेत न?" ते तपासत असतात तेवढा वेळ मी मशीन बंद ठेवतो. सांगायचं ते मी त्यांना अजून सांगितलेलं नाही. गोविंद राजाची गोष्ट मात्र त्यांनी त्यानंतर कुणाला सांगितली नाही, आणि मीही ती मागितली नाही.