साठीनंतर वाचलेली पुस्तकं

लालबागच्या त्या चाळीत आनंदा तावड्यांचा हात सगळ्यांना माहीत होता. छापखान्यात मशीनवर तीस वर्षं काढलेला माणूस. अंगाने किरकोळ, बोलायला कमी. पण संध्याकाळी घरी आला की कशावरून बिनसेल याचा नेम नसायचा. आमटी अळणी झाली, नळावर कुणी काही बोललं, पोराचे मार्क कमी पडले. आवाज सुरू झाले की शेजारी टीव्ही मोठा करायचे.

मुलगा स्वप्नील नऊ वर्षांचा असताना पाढा चुकला म्हणून बसलेल्या थपडेने त्याच्या डाव्या कानाचा पडदा फाटला. हॉस्पिटलात आनंदांच्या बायकोने, लक्ष्मीने सांगितलं, "तो जिन्यावरून पडलो." डॉक्टरांनी तिच्याकडे जरा वेळ पाहिलं आणि तेच लिहून घेतलं. कान पुढे कधी सुधारला नाही. नोकरी लागताच स्वप्नील वडाळ्याला भाड्याने राहायला गेला. लग्न झालं, मुलगी झाली. आईला तो बोलावून घ्यायचा. वडिलांचं नाव काढायचा नाही.

रिटायर झाल्यावर आनंदा मंडळाच्या मोफत वाचनालयात पेपर वाचायला जाऊन बसू लागले. एके सकाळी सगळे पेपर लोकांच्या हातात होते, म्हणून त्यांनी जवळच्या कपाटातून एक पुस्तक ओढलं. माणसाच्या रागावर होतं. मधलंच पान उघडलं. लेखकाने लिहिलं होतं, की मार खाणारं मूल चपलांच्या आवाजावरून ओळखतं, आज बाप कसा आलाय.

आनंदांनी ती ओळ पुन्हा वाचली. त्यांना स्वप्नील दिसला. जिन्यात चपला वाजल्या की तो वही मिटून खाटेखाली सरकायचा. इतकी वर्षं त्यांना वाटत होतं, पोराला तिथे खेळायला आवडतं.

ते टेबलावर डोकं टेकून बसले. वाचनालय सांभाळणारे बुद्धभूषण पाणी घेऊन आले. "तावडे, बरं नाही का?"

"हे घरी नेता येईल?" आनंदांनी विचारलं.

त्या दिवसापासून ते वाचतच सुटले. राग का येतो, माणसं दुबळ्यावरच का तुटून पडतात, म्हातारपण कसं काढावं. एकामागून एक पुस्तकं. सातवी शिकलेला माणूस ओळीखाली बोट धरून वाचायचा, पटलेलं वहीत उतरवून घ्यायचा. मारणं तसं आधीच थांबलं होतं, हातात जोरच उरला नव्हता. आता तोंडही थांबलं.

एका दुपारी लक्ष्मी बांगडे साफ करत होती. आनंदा वही घेऊन तिच्यासमोर बसले. "ऐक ना. यात लिहिलंय, ज्याला लहानपणी मार मिळतो..."

"माका नको सांगा," ती मान वर न करता म्हणाली. "इतकी वर्सां मारलास, तेवा मी गप रवलंय. आता शिकवतास, ता पण मीच आयकू?"

त्यांनी वही मिटली.

पुढच्या रविवारी ते तिच्यासोबत वडाळ्याला गेले. सूनबाई दर्शनाने चहा ठेवला आणि मुलीला उचलून आत नेलं. स्वप्नील सोफ्यावर होता, आनंदा त्याच्या शेजारी बसले. शब्द त्यांनी आठवडाभर घोकले होते. जमिनीकडे बघत, हळू आवाजात ते बोलत गेले. कान, पाढा, खाटेखालची जागा, आपली लाज, सगळं. बोलून झालं तेव्हा घाम फुटला होता. त्यांनी वर पाहिलं.

स्वप्नील मोबाईलवरून मान वर करत म्हणाला, "काही म्हणालात का पप्पा? या बाजूने बोला. त्या कानाने येत नाही."

आनंदा उठून दुसऱ्या बाजूला जाऊन बसले. या वेळी एवढंच म्हणाले, "माझं चुकलं. पुस्तकं वाचली, तेव्हा कळलं."

"मला नऊ वर्षांचा असतानाच कळलं होतं," स्वप्नील म्हणाला. आवाजात राग नव्हता. "पुस्तक नव्हतं लागलं. पप्पा, तुम्ही आलात, बरं केलंत. पण माझ्या मुलीला मी तुमच्याजवळ एकटं सोडणार नाही. आज नाही, पुढेही नाही."

आनंदांनी मान हलवली. चहा गार झाला होता, तो तसाच पिऊन ते निघाले.

पावसाळ्यानंतर दर्शना कामावर परत जाणार होती. नातीला सांभाळायला लक्ष्मी वडाळ्याला राहायला निघाली. विचारलं नाही, पिशवी भरली आणि सांगितलं, "मी जातंय."

ऐकताच आनंदांच्या छातीत तोच जुना जाळ उसळला. या जाळाला काय म्हणतात, तो कुठून येतो, किती वेळ टिकतो, सगळं त्यांना आता पाठ होतं. तरी तो उसळलाच. आधार म्हणून त्यांनी दाराच्या चौकटीकडे हात नेला.

हात उचललेला पाहताच लक्ष्मीने पिशवी छातीशी धरली आणि दोन पावलं मागे सरली.

आनंदा दारातून बाजूला झाले. ती त्यांच्या अंगाला न लागता बाहेर पडली.

त्याला आता दोन वर्षं होतील. आनंदा सकाळी वाचनालयात जातात, दुपारी भात लावतात. पुस्तकं अजून वाचतात, वही मात्र बंद केली. लक्ष्मी महिन्यातून एकदा येते, त्यांचे कपडे धुते, कालवण करून ठेवते. काम संपलं की घटकाभर गॅलरीलगत बसते. पाऊस आत येत असला तरी दार उघडंच ठेवते.